मृत्यूच्या खातेवहींतील रिकामा रकाना

आमचा एक माजी विद्यार्थी पुण्यांतील एका कचेरींत नोकरीस आहे. अमेरिकेंतील इस्पितळांचीं कागदपत्रें तेथें संगणकावर येतात. रोग्यास काय झालें व कशानें झालें हें त्यांतून वाचून काढावयाचें आणि प्रत्येक गोष्टीला ठरीव आंकडा लावावयाचा, हें त्याचें काम. या धंद्यास 'मेडिकल कोडिंग' म्हणतात. पुणें, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नई येथील हजारों पदवीधर आज त्यावर आपला चरितार्थ चालवीत आहेत. गेल्या दिवाळींत हा विद्यार्थी भेटावयास आला तेव्हां परीक्षेसाठीं घेतलेला एक जाडजूड ग्रंथ त्याच्याजवळ होता. "सर, हें पाहा," असें म्हणून त्यानें एका ओळीवर बोट ठेविलें. त्या ओळीचा मराठी अर्थ असा : 'अण्वस्त्राचा प्रत्यक्ष स्फोटाघात झालेली युद्धक्रिया, नागरिक, प्रथम भेट.' तिचा आंकडा वाय ३६.५११ए. त्यांतील 'ए' म्हणजे प्रत्यक्ष उपचार चालू असतांनाचा टप्पा, 'डी' म्हणजे पुढील शुश्रूषेचा, आणि 'एस' म्हणजे मागाहून उरलेला परिणाम, असें त्यानें समजावून दिलें. अणुबाँब पडल्यावर तिसऱ्या भेटीस येणाऱ्या रोग्याचें चित्र डोळ्यांसमोर येऊन तो मोठ्यानें हंसला, आणि आम्हीही हंसलों. तो गेल्यावर मात्र आपण नेमके कशास हंसलों याचा विचार आम्ही करूं लागलों, आणि विचाराबरोबर लाजही वाटूं लागली. प्रस्तुत लेख त्या लाजेपोटीं लिहिला आहे.

वैद्यकाचा व कारकुनीचा हा विषय वाङ्मयाच्या मासिकांत कशासाठीं, असा प्रश्न आमचे कांहीं वाचक करतील. आमचें उत्तर असें कीं, मुळांत हा प्रश्न वाक्यरचनेचा आहे. माणूस मेला हें सांगणाऱ्या वाक्यांत कोणता शब्द ठेवावयाचा, कोणता गाळावयाचा, आणि गाळलेल्या शब्दाचा फायदा कोणास मिळतो, हें पाहणें भाषेच्या अभ्यासकाचें कामच आहे. आमचें आयुष्य महाविद्यालयांत वाक्यें तपासण्यांत गेलें. तेव्हां हें एक वाक्य तपासून पाहण्याचा अधिकार आम्हांस आहे असें आम्ही समजतों.

प्रथम या वहीची थोडी हकीकत. मृत्यूच्या कारणांची सर्व राष्ट्रांस मान्य अशी एक यादी असावी, ही कल्पना एकोणिसाव्या शतकांतील. इंग्लंडांत विल्यम फार यानें तिचा पाया घातला. पुढें झाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञानें तयार केलेली यादी १८९३ सालीं शिकागो येथें आंतरराष्ट्रीय संख्याशास्त्र संस्थेनें स्वीकारली. तेव्हांपासून सुमारें दहा दहा वर्षांनीं तिची सुधारणा होत आली. १९४८ सालीं नुकत्याच जन्मलेल्या जागतिक आरोग्य संघटनेनें सहाव्या आवृत्तीपासून हें काम आपल्या हातीं घेतलें. १९७५ च्या नवव्या आवृत्तींत 'अण्वस्त्रांच्या युद्धक्रियेमुळें झालेली इजा' यास ई ९९६ हा आंकडा होता. १९९० सालीं मान्य झालेल्या दहाव्या आवृत्तींत युद्धक्रियांचें घर वाय ३६ येथें हललें. त्या घरांत सागरी शस्त्रांचे स्फोट, विमानांचा नाश, इतर स्फोट, आगी, बंदुका, अण्वस्त्रें, जैविक शस्त्रें, रासायनिक शस्त्रें असे एकाखालीं एक कप्पे आहेत. अण्वस्त्रांच्या कप्प्याचा आंकडा ३६.५. अमेरिकेनें १ ऑक्टोबर २०१५ पासून आपल्यापुरती जी विस्तृत आवृत्ति चालविली आहे, तींत या एका कप्प्याचे पुनः पोटकप्पे केलेले आहेत : प्रत्यक्ष स्फोटाघात, उडून पडल्यानें किंवा ढिगाऱ्याखालीं सांपडल्यानें झालेला अप्रत्यक्ष आघात, उष्णता, किरणोत्सर्ग, आणि इतर. घायाळ झालेला मनुष्य सैनिक कीं नागरिक हें सांगण्यास शेवटीं आणखी एक आंकडा. जागतिक संघटनेची अकरावी आवृत्ति १ जानेवारी २०२२ पासून अमलांत आली असून तींत 'युद्धक्रिये'च्या जागीं 'सशस्त्र संघर्ष' हा शब्द आला आहे. शब्द बदलला, आम्हांस जो दोष दाखवावयाचा आहे तो कायम आहे.

या ओळीला नांवें ठेवणारांचे दोन पक्ष आहेत. पहिला पक्ष हंसणारांचा. आम्ही दिवाळींत त्याच पक्षांत होतों. त्याचें म्हणणें असें कीं, ज्या ग्रंथांत बदकानें चावा घेतल्यास वेगळा आंकडा आहे, त्या ग्रंथांत अणुबाँबालाही आंकडा असणें हा कारकुनी खुळाचा कळस होय. दुसरा पक्ष गंभीर लोकांचा. तो म्हणतो, असह्य गोष्टीला आंकडा देणें म्हणजे ती सह्य करून घेणें; असली ओळ ग्रंथांत असणें हाच मनुष्यजातीचा अपमान, सबब ती खोडून टाकावी. दुसऱ्या पक्षाविषयीं आम्हांस आदर आहे. तथापि दोन्ही पक्षांस एका गोष्टीचा विसर पडला आहे. ही ओळ कोणा कारकुनाच्या कल्पनेंतून निघालेली नाहीं. स्फोटाघात, उष्णता व किरणोत्सर्ग हे तीन पोटकप्पे दोन शहरांतील माणसांच्या शरीरांवर प्रथम लिहिले गेले व मागाहून ते कागदावर उतरले.

६ ऑगस्ट १९४५ रोजीं सकाळीं सव्वाआठ वाजतां हिरोशिमावर व तीन दिवसांनीं नागासाकीवर बाँब पडला. त्या वर्षाच्या अखेरपर्यंत हिरोशिमांत सुमारें १,४०,००० व नागासाकींत सुमारें ७०,००० माणसें मेलीं असा अंदाज आहे. जॉन हर्सी यानें १९४६ सालीं लिहिलेल्या वृत्तांतांत असें दिलें आहे कीं, हिरोशिमांतील दीडशें डॉक्टरांपैकीं ६५ मेले होते व उरलेले बहुतेक जखमी होते. १,७८० परिचारिकांपैकीं १,६५४ मेल्या होत्या किंवा काम करण्यास असमर्थ झाल्या होत्या. जे डॉक्टर वांचले त्यांनीं भाजलेले पाहिले, कांचा घुसलेले पाहिले. हें त्यांस अपरिचित नव्हतें. परंतु थोड्याच दिवसांत ज्यांस विशेष जखम नव्हती अशीं माणसेंही येऊं लागलीं. त्यांचे केंस गळत, अंगावर रक्ताचे डाग उठत, ताप येई, रक्ताची हगवण लागे, आणि तीं मरत. तेथील एका इस्पितळाचे मुख्य डॉक्टर मिचिहिको हाचिया यांनीं त्या दिवसांची रोजनिशी ठेविली होती. रक्ताची हगवण पाहून त्यांस प्रथम सांथीचा संशय आला. सूक्ष्मदर्शक यंत्र मिळाल्यावर रोग्यांच्या रक्तांतील पांढऱ्या पेशी नाहींशा होत आहेत हें दिसून आलें, आणि मग रोगाची ओळख पटूं लागली. नांव नसलेल्या रोगाशीं झुंजणाऱ्या वैद्याची स्थिति काय होते, हें ज्यास पाहावयाचें असेल त्यानें ती रोजनिशी वाचावी.

आणि याच सुमारास अमेरिकेंत काय चाललें होतें? बाँब तयार करणाऱ्या कार्याचे मुख्य जनरल ग्रोव्हज यांनीं नोव्हेंबर १९४५ मध्यें तेथील सिनेटच्या समितीपुढें डॉक्टरांचा हवाला देऊन असें सांगितलें कीं, किरणोत्सर्गानें येणारें मरण फारशा यातनांवांचून येतें, किंबहुना तें सुखाचें असतें. ही साक्ष ज्यानें वाचली तो किरणोत्सर्गाचा पोटकप्पा खोडून टाका असें म्हणणार नाहीं. त्या कप्प्यांत एक कबुली आहे. जी गोष्ट अधिकाऱ्यांनीं सौम्य करून सांगितली, तीच गोष्ट पुढें स्वतंत्र कारण म्हणून नोंदली गेली. ओळ खोडली तर कबुली नाहींशी होईल. म्हणून आम्ही आरंभींच सांगतों कीं, ही ओळ राहिली पाहिजे. आमची तक्रार ती फार बोलते अशी नसून फार थोडें बोलते अशी आहे.

येथें तिसरा पक्ष उभा राहतो, व आमचा खरा वाद त्याच्याशीं आहे. हा पक्ष संतुष्ट पंडितांचा. तो म्हणतो, वर्गीकरण हें तटस्थ शास्त्र होय. प्रत्येक मृत्यूला त्यांत जागा आहे, अणुबाँबानें मेलेल्यासही आहे. आणखी काय पाहिजे? या तटस्थतेची परीक्षा आम्हीं तीन प्रश्नांनीं करावयाचें योजिलें आहे : मारणारा कोण, तें युद्ध होतें कीं नव्हतें हें ठरविणारा कोण, आणि मृत्यु उशिरां आला तर काय?

पहिला प्रश्न घेऊं. मराठी व्याकरणांत अकर्तृक क्रियापदें म्हणून एक वर्ग आहे. 'उजाडतें', 'गडगडतें', 'मळमळतें' यांस कर्ता लागत नाहीं. कोण गडगडतें असें कोणी विचारीत नाहीं. 'अण्वस्त्राचा स्फोटाघात झालेली युद्धक्रिया' हें त्याच जातीचें वाक्य आहे. क्रिया आहे, साधन आहे, ज्यावर ती घडली तो नागरिकही आहे. करणारा तेवढा नाहीं. यावर पंडित म्हणेल कीं, कर्त्याचें नांव लिहिणें हें वैद्याचें कामच नव्हे, तें न्यायालयाचें. हा आक्षेप आम्हीं मान्यही केला असता. परंतु त्याच अमेरिकन ग्रंथाचीं कांहीं पानें उलटलीं कीं वाय ०७ हा विभाग लागतो. मारहाण किंवा छळ झालेला रोगी आला असतां तो कोणीं केला हें सांगण्यासाठीं तेथें स्वतंत्र आंकडे आहेत : पतीनें केल्यास एक, जन्मदात्या पित्यानें केल्यास दुसरा, सावत्र भावानें केल्यास तिसरा, शिक्षकानें केल्यास चवथा. म्हणजे वैद्याच्या लेखणीस कर्ता लिहितां येत नाहीं असें नाहीं. घरांतील चार भिंतींआड एका बाईवर हात उगारणारा या वहींत सांपडतो. एका सकाळीं शहर जाळणारा सांपडत नाहीं. पहिल्याचें नांव लिहितांना जी तटस्थता आड आली नाहीं, ती दुसऱ्याच्या वेळींच कोठून आली?

आपल्याकडे मृत्यूचा हिशेब ठेवणारा म्हणून चित्रगुप्त प्रसिद्ध आहे. तो अमुक मनुष्य तलवारीनें मेला एवढेंच टिपून थांबत नाहीं. त्याच्या वहीचें खरें प्रयोजन तलवार कोणाच्या हातांत होती हें लिहिण्याचें आहे. चित्रगुप्तावर आमचा विश्वास असो वा नसो, ज्या समाजानें तो कल्पिला त्याला हिशेब या शब्दाचा अर्थ कळत होता.

आतां दुसरा प्रश्न. वाय ३६ मध्यें शिरावयाचें तर प्रथम युद्ध असावें लागतें. आणि अण्वस्त्रांनीं केलेली हानि तर, हिरोशिमा व नागासाकी सोडल्यास, शांततेच्या काळांत झालेली आहे. १ मार्च १९५४ रोजीं अमेरिकेनें बिकिनी या प्रवाळद्वीपावर १५ मेगाटन शक्तीच्या बाँबाची चांचणी केली. हिरोशिमाच्या बाँबाहून त्याची शक्ति सुमारें हजारपट होती. जाहीर केलेल्या धोक्याच्या हद्दीबाहेर 'फुकुर्यू मारू' या नांवाचें एक जपानी मच्छीमारी गलबत होतें. त्यावरील २३ माणसांवर प्रवाळाची पांढरी राख कित्येक तास पडत राहिली. राँगेलाप बेटावरील लोकांवरही ती पडली, आणि त्यांस तेथून हलविण्यास सुमारें दोन दिवस लागले. गलबतावरील बिनतारी यंत्र चालविणारे कुबोयामा आइकिची हे २३ सप्टेंबर १९५४ रोजीं वारले. ते किरणोत्सर्गानें मेले, असें जपानी डॉक्टरांनीं सांगितलें; यकृताच्या विकारानें मेले, किरणोत्सर्गानें नव्हे, अशी बाजू अमेरिकन अधिकाऱ्यांनीं घेतली. जानेवारी १९५५ मध्यें अमेरिकेनें जपानला वीस लक्ष डॉलर दिले. परंतु ते कायदेशीर जबाबदारीचा प्रश्न बाजूस ठेवून दिले.

एका कोळ्याच्या मृत्युदाखल्यावर कोणता शब्द लिहावयाचा यासाठीं दोन राष्ट्रांनीं भांडावें, यापेक्षां त्या शब्दाच्या महत्त्वाचा दुसरा कोणता पुरावा पाहिजे? आमच्या विद्यार्थ्यापुढें आज हें प्रकरण आलें तर तो तें कोठें बसवील? युद्ध नव्हतें, म्हणून वाय ३६ नाहीं. अमेरिकन आवृत्तींत वाय ३७ हा शेजारचा कप्पा आहे. तो शांततेच्या काळीं सैनिकी मालमत्तेवर व नित्याच्या सैनिकी क्रियांत झालेल्या इजांसाठीं आहे, आणि त्यांतही अण्वस्त्रांचे तेच पोटकप्पे आहेत! मूळ जागतिक दहाव्या आवृत्तींत असा कप्पाच नसल्यामुळें किरणोत्सर्गाशीं संपर्क या नांवाखालीं अपघातांच्या यादींत त्याला जागा शोधावी लागेल. म्हणजे समुद्रांत मासे धरणारा एक मनुष्य एकतर दुसऱ्या राष्ट्राच्या नित्यक्रमांत मेला, किंवा पाय घसरून पडावें तसा अपघातानें मेला. तिसरी वाट या वहींत नाहीं.

असें प्रकरण दूरदेशींच घडतें असें कोणी समजूं नये. १४ एप्रिल १९४४ रोजीं मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदींत 'फोर्ट स्टिकिन' या जहाजाचा स्फोट झाला. युद्धासाठीं आणलेला सुमारें १,४०० टन स्फोटक माल त्यावर होता, आणि त्याच जहाजांत कापसाचे गठ्ठेही भरलेले होते. आग विझवितांना ६६ अग्निशामक जवान प्राणास मुकले, गोदीच्या आसपासच्या वस्तींतील शेंकडों माणसें मेलीं. शत्रूनें बाँब टाकला नव्हता; म्हणून वर्गीकरणाच्या भाषेंत हा अपघात. परंतु महायुद्ध नसतें तर तो दारूगोळा मुंबईच्या धक्क्यावर आला असता काय, आणि कापसाशेजारीं तो ठेवण्याची घाई कोणास झाली असती काय? मशीद बंदराकडील ज्या हमालाच्या घरावर जळता लोखंडी तुकडा येऊन पडला, त्याच्या मरणाचें कारण 'अपघात' असें लिहिणें खोटें नाहीं. पण तें सत्यही नाहीं. दरवर्षीं त्या तारखेस अग्निशामक दलाचा स्मरणदिन पाळला जातो, म्हणून ते ६६ जण आपल्या स्मरणांत राहिले. ज्यांस असा दिवस लाभला नाहीं त्यांचें स्मरण केवळ वहीच ठेवूं शकली असती.

तिसरा प्रश्न काळाचा. बाँबाचा स्फोट क्षणांत संपतो. त्यानें आणलेला मृत्यु दहा, वीस, पन्नास वर्षें चालत येतो. सासाकी सादाको ही मुलगी हिरोशिमावर बाँब पडला तेव्हां दोन वर्षांची होती. २५ ऑक्टोबर १९५५ रोजीं ती बाराव्या वर्षीं रक्ताच्या कर्करोगानें वारली. तिच्या दाखल्यावर 'रक्ताचा कर्करोग' असें लिहिलें तर त्यांत चूक कोणती? चूक कांहीं नाहीं, आणि अडचण तीच आहे. एकट्या रोग्याचें शरीर तपासून त्याचा कर्करोग बाँबामुळें झाला कीं आपोआप, हें कोणासही सांगतां येत नाहीं. सुमारें १,२०,००० माणसांच्या आयुष्याची वर्षानुवर्षें तुलना केली तेव्हां कोठें किरणोत्सर्गानें कर्करोग किती वाढले हें सिद्ध झालें. ही तुलना प्रथम ज्या अमेरिकन संस्थेनें आरंभिली ती वांचलेल्या लोकांस तपाशी, परंतु त्यांस औषधोपचार करीत नसे. हें शल्य हिरोशिमाच्या लोकांच्या मनांत दीर्घकाळ राहिलें. वाय ८९.१ हा 'युद्धक्रियेचे उत्तरपरिणाम' असा आंकडा वहींत आहे खरा. परंतु तो लिहिण्यास डॉक्टरानें चाळीस वर्षांपूर्वींचा तो दिवस विचारावा लागतो, रोग्यानें तो सांगावा लागतो, आणि सरकारनें तो मानावा लागतो. बाँबानंतर पडलेल्या काळ्या पावसांत भिजलेल्या ८४ जणांस आपण बाँबपीडित आहोंत हें मान्य करून घेण्यासाठीं हिरोशिमाच्या न्यायालयांत जावें लागलें. वरिष्ठ न्यायालयानें त्यांच्या बाजूनें निकाल दिला तो जुलै २०२१ मध्यें, म्हणजे पाऊस पडून गेल्यावर शहात्तर वर्षांनीं.

आतां पंडितांच्या शेवटच्या तटबंदीकडे येऊं. ते म्हणतील, हें सर्व खरें असलें तरी न्याय देणें हें वैद्यकाचें क्षेत्र नव्हे. गंमत अशी कीं, वैद्यकानें एकदां हा प्रश्न विचारून पाहिला आहे. जागतिक आरोग्य संघटनेनें १९८४ सालीं व पुनः १९८७ सालीं तज्ज्ञांकडून अहवाल करविले. अणुयुद्धांतील जखमींची व्यवस्था लावणें जगांतील कोणत्याही आरोग्यव्यवस्थेस शक्य नाहीं, प्रतिबंध हाच एक उपाय, असा त्यांचा निष्कर्ष होता. प्रतिबंध हाच उपाय ठरल्यावर तें शस्त्र वापरणें कायदेशीर आहे काय असा प्रश्न १९९३ सालीं संघटनेनें हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयास विचारला. ८ जुलै १९९६ रोजीं न्यायालयानें अकरा विरुद्ध तीन मतांनीं उत्तर देण्याचें नाकारलें. अण्वस्त्रांचे आरोग्यावरील परिणाम हा संघटनेचा विषय असूं शकेल, परंतु तीं वापरणें कायदेशीर कीं बेकायदेशीर हा प्रश्न तिच्या कार्यक्षेत्रांत येत नाहीं, असें त्याचें कारण. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनेंही तोच प्रश्न विचारला होता. तिला त्याच दिवशीं उत्तर मिळालें, मात्र राष्ट्राच्या अस्तित्वावरच बेतलेल्या प्रसंगाविषयीं तेंही अनिश्चित राहिलें. कायद्याच्या दृष्टीनें निकाल बरोबर असेल. त्यावर बोलण्याचा आमचा अधिकार नाहीं. परंतु त्याचा सरळ अर्थ काय होतो तो वाचकांनीं पाहावा. डॉक्टरांनीं जखमा मोजाव्या, त्यांस आंकडे द्यावे, त्या कशानें झाल्या हेंही लिहावें. त्या करण्याची मुभा कोणास आहे कीं नाहीं हें मात्र विचारूं नये. मग ज्या वाक्याला कर्ता नाहीं त्याला 'तटस्थ' हें विशेषण लावण्याचें कारण उरत नाहीं. कर्ता ज्यांस अडचणीचा आहे त्यांच्या सोयीनें तें वाक्य अर्धें राहिलें आहे, असेंच म्हणणें प्राप्त आहे.

आम्ही हें परराष्ट्रांस उद्देशून म्हणत आहोंत असें कोणी समजूं नये. १९७४ सालीं व पुनः १९९८ सालीं पोखरण येथें आपणही या शस्त्राची चांचणी केली, आणि आज आपण अण्वस्त्रधारी राष्ट्रांच्या पंक्तीस बसलों आहोंत. रिकाम्या रकान्यांत लिहिलें जाण्याचा संभव आपल्या नांवासही आहे, आणि तो रकाना असावा असें आम्ही तेवढ्याचसाठीं अधिक आग्रहानें म्हणतों. शिवाय आपल्या घरची वही कशी आहे? जन्ममृत्यूच्या नोंदणीचा कायदा १९६९ पासून आहे. तथापि २०२० च्या सरकारी अहवालाप्रमाणें नोंदलेल्या मृत्यूंपैकीं सुमारें साडेबावीस टक्क्यांचेंच कारण डॉक्टरानें प्रमाणित केलेलें होतें. अमेरिकेंतील मनुष्यास बदक चावलें हें पुण्यास बसून आपण बिनचूक लिहितों, आणि आपल्या दर पांच मृतांपैकीं जवळजवळ चार जण कशानें गेले हें सांगणारा दाखला आपल्यापाशीं नसतो. ज्या राष्ट्रानें आपल्या साध्या मृत्यूंचा हिशेब ठेविला नाहीं, तें मोठ्या संहाराचा हिशेब कोणाजवळ कोणत्या तोंडानें मागणार?

आमचें मागणें थोडक्यांत असें आहे. ओळ राहूं द्यावी. तिच्यांत चांचण्यांनीं मेलेल्यांस व झिजलेल्यांस उघड जागा द्यावी. त्यांस नित्यक्रम किंवा अपघात या नांवांखालीं लपवूं नये. उशिरां आलेल्या मृत्यूचा धागा त्या पहिल्या दिवसाशीं जोडण्याची सक्ति असावी, म्हणजे शहात्तर वर्षांनीं कोणास कोर्टाची पायरी चढावी लागणार नाहीं. आणि पित्यासाठीं व पतीसाठीं जसा रकाना आहे तसा राज्यासाठींही असावा. त्यांत कोणास दोषी ठरवावयाचें नाहीं. शस्त्र कोणाचें होतें एवढेंच लिहावयाचें आहे. यानें बाँब थांबतील असें आम्ही म्हणत नाहीं. तो पडल्यावर हे आंकडे लिहावयास इस्पितळ, वीज आणि कारकून शिल्लक राहील याचीही खात्री नाहीं. हिरोशिमाच्या परिचारिकांची गोष्ट वर आलीच आहे. परंतु जे आधींच मेले व आजही मरत आहेत त्यांचें वाक्य तरी पुरें होईल.

जपानमधील बाँबपीडितांच्या 'निहोन हिदान्क्यो' या संघटनेस २०२४ सालीं शांततेचें नोबेल पारितोषिक मिळालें. त्या संघटनेंतील माणसें कित्येक दशकें हेंच करीत आलीं : आपलें वाक्य कर्त्यासकट लोकांसमोर उच्चारावयाचें. तीं आतां वृद्ध झालीं आहेत, आणि थोड्याच वर्षांत त्यांच्यापैकीं कोणी उरणार नाहीं. त्यांच्यामागें वहीच बोलेल. आमचा विद्यार्थी पुनः भेटावयास येईल तेव्हां ती ओळ त्याच्याकडून आम्ही पुनः वाचून घेणार आहोंत, आणि तिच्यांत कोणता शब्द नाहीं तें त्याला विचारणार आहोंत. त्याची परीक्षा घेणारे हा प्रश्न विचारणार नाहींत. म्हणून तो आम्हींच विचारला पाहिजे.